कल बघणारे मेस्त्री

"हात लावू नका. बगूंदे तिचा कल."

नवी होडी पाण्यात उतरली की मेस्त्री दोन्ही हात पसरून सगळ्यांना अडवायचे. मालक नारळ घेऊन ताटकळलेला असायचा, पण त्यांना त्याचं काही नसे. कितीही मापात बांधली तरी होडी कुठल्या तरी बाजूला केसभर झुकतेच. ती बाजू दिसली की मगच ते तोलासाठी दुसऱ्या बाजूला दगड ठेवायला सांगत.

मी रत्नागिरीत शाळामास्तर. दहावीच्या मुलांची कलचाचणी माझ्याकडे असे. एकदा 'कल' या शब्दाचं मूळ शोधायला कोश उघडला, तर 'कलणे'कडे बोट दाखवून कोश मोकळा झाला. कलणं म्हणजे काय ते मला खाडीकाठी, मेस्त्रींच्या होड्या बांधायच्या मांडवात कळलं. तुम्ही त्यांना पाहिलं असतंत, तर तुम्हीही कोश मिटून ठेवला असतात.

त्यांचा मुलगा माझ्याच वर्गात. गणिताच्या वहीत होड्या काढायचा, आणि त्याही मापात. चाचणीची गरजच नव्हती. तरी मेस्त्री एक दिवस शाळेत आले.

"मास्तर, त्याला कंपनीत जायला सांगा. माजं तो आयकत नाय."

"अहो, त्याचा कल तुमच्याच धंद्याकडे आहे."

"म्हाईत हाय मला. पण आता समदे फायबरच्या होड्या घेतात. कल काय चुलीवर शिजतो?"

मला पटलं. मी मुलाला आयटीआय, पगार, पक्की नोकरी असं सगळं ऐकवलं. तो मान खाली घालून ऐकत होता. शहाणपण शिकवायला मास्तरांना किती आवडतं, तुम्हाला ठाऊकच आहे.

नोकरीच्या तिसऱ्या वर्षी यंत्रात त्याचा उजवा हात मनगटापासून गेला.

मेस्त्री मला रागाचा एक शब्द बोलले नाहीत. बोलले असते तर बरं झालं असतं. मांडवात एका फळीवर बसून एवढंच म्हणाले, "पाण्यात सोडायच्या आधीच दगड भरले मी, मास्तर."

त्यांतले निम्मे माझे होते.

मेस्त्री गेले तेव्हा एक होडी अर्धी राहिली होती. दुसऱ्या कुणी ती पुरी केली. परवा ती पाण्यात सोडली आणि लगेच पाच-सहा जण उड्या मारून आत चढले, दगड भरले, गुलाल उधळला. हात पसरून अडवायला कुणी नव्हतं.

मुलगा माझ्या शेजारी उभा होता, उजवी बाही खिशात खुपसून.

"डावीकडं कलत व्हती ती," तो हळूच म्हणाला. "दगड बी तिकडंच भरले त्यांनी."

त्या गलक्यात ते मला एकट्यालाच ऐकू आलं.