तुटलेला धागा

शिलाई मशीनला तेल घालताना तो वास आला आणि सुरतेतली नव्वदीतली ती संध्याकाळ आठवली. आम्हाला पियानो शिकवणाऱ्या पारशी बाईंच्या दिवाणखान्यात माझं आणि माझ्या मैत्रिणीचं वादन होतं. आम्ही दोघी डिंडोलीच्या खानदेशी वस्तीतल्या, दोघींचे वडील एकाच कारखान्यात लूम चालवायचे; धागा तुटला की माग थांबायचा आणि त्यांना धावावं लागायचं. बाईंनी शिकवलेलं सगळं मी बिनचूक वाजवलं. माझे वडील पेंगत होते, त्यांच्या शर्टाला तेलाचा वास येत होता. मग तिने स्वतः रचलेलं वाजवलं. लूमसारखा खटाखट चाललेला ठेका तिने मध्येच थांबवला, तसे माझे वडील ताडकन उठून उभे राहिले. “धागा तुटना,” धागा तुटला, असं ते अहिराणीत पुटपुटले आणि ओशाळून खाली बसले. आज ती मोठी संगीतकार आहे, परदेशात वाजवते, त्याचं मला काही नाही. माझे वडील तिच्या वाजवण्याला उठले, हे मात्र अजून सलतं.