साखळीत आवळलेली मूर्ती

माझा असल्या गोष्टींवर काडीचाही विश्वास नव्हता. दुकानाला लिंबू-मिरची टांगणाऱ्यांची मी कायम टिंगल करायचो. जे डोळ्यांनी पाहिलं तेवढंच लिहितोय, कुणाला पटवायचं नाहीये.

जालना एमआयडीसीतल्या एका स्टील कारखान्यात मी भंगार यार्डाचा सुपरवायझर आहे. भंगार परदेशातूनही येतं. गेल्या उन्हाळ्यात आफ्रिकेतल्या बेनिन देशाहून आलेल्या कंटेनरमध्ये हातभर उंचीची लाकडी मूर्ती निघाली... दोऱ्यांनी, साखळीनं करकचून आवळलेली, छातीत खुंट्या ठोकलेल्या, गळ्याशी कुलूप.

"साखळी काप, लाकूड दे फेकून," मी दत्ताला म्हटलं. दत्ता माझा मावसभाऊ, बदनापूरचा, आमच्याकडंच गॅसकटर चालवतो.

"न्हाई दादा. कुणाचा तरी देव असंल."

त्यानं ती माझ्या केबिनमध्ये ठेवली. रोज अगरबत्ती लावायचा. मी हसायचो.

मग तो दिवस. जेवणाच्या सुट्टीत क्रेनवरचा कैलास तावातावानं आला. तो दत्ताच्या भावकीतला, शेताच्या बांधावरून दोघांचं जुनं भांडण.

"बांध कोरून राह्यला काय रे?" म्हणत त्यानं सळई उचलली अन् सरळ दत्ताच्या डोक्यात घातली. मी शेजारीच होतो. कवटी फुटल्याचा आवाज मी ऐकला. रक्त माझ्या तोंडावर उडालं. दत्ता कोसळला तरी हा घालतोच आहे... मी हेल्मेट काढून कैलासच्या तोंडावर ठोकत सुटलो. दात पडले, तेव्हा कुठं सळई सुटली.

वळून पाहतो तर दत्ता उठून बसलेला. डोक्याला साधं खरचटलेलंही नाही.

"दादा, रक्त कुणाचं हाय?" तो मलाच विचारत होता.

केबिन बंद होती, किल्ली माझ्या खिशात. तोंडावरचं रक्त पुसायला उघडली... मूर्तीचं डोकं मधोमध फुटलेलं, लाकूड ओलं. साखळी-कुलूप जसंच्या तसं.

माल पाठवणाऱ्या तिकडच्या एजंटला फोटो पाठवला. तो फॉन जमातीचा. व्हॉट्सअॅपवर उत्तर आलं — 'आमच्यात याला बोचिओ म्हणतात. माणसावर येणारं ते स्वतःवर घेतं. आता ते मेलंय. माणसासारखं पुरा.'

दत्तानं त्याला शेतात पुरलं. पोलिसांनी कैलासला सोडून दिलं. ज्याला मारलं त्याला जखमच नव्हती.

पुढं एकदा कैलास घरी आला. चहाला हात लावला नाही.

"डोकं फुटलेलं माझ्या हाताला कळलं, दादा. मी खून केलाय. कुणाचा केला, तेवढं सांगा."