परत आलेला साखरेचा सुळका

तूदाला लिहिता-वाचता येत नव्हतं, पण ॲटलस डोंगराच्या या अंगाला तिच्या गाण्यावाचून लग्न लागत नसे. मागावर बसून घोंगडी विणता विणता ती गाणी बांधायची. दुसऱ्या कुणाला लग्नात तिचं एखादं गाणं म्हणायचं असेल, तर तिच्या घरी निळ्या कागदात गुंडाळलेला साखरेचा सुळका न्यायचा. तिनं तो ठेवून घेतला, म्हणजे खुशाल गा. फक्त सुरुवातीला तिचं नाव घ्यायचं.

बाजारगावचा स्टुडिओवाला बासूही सुळका घेऊनच आला होता. तूदानं तो ठेवून घेतला आणि पठ्ठ्यानं तिचं नदीचं गाणं थेट स्वतःच्या नावावर चढवलं!

हे कळलं नातीच्या, इज्जाच्या मेंदीला. आजीनं म्हटलेलं तेच गाणं इज्जानं फोनवरून इंटरनेटवर टाकलं, तर तिथून ते उडवलंच. गाण्याच्या मालकाची हरकत म्हणे, आणि मालक कोण, तर बासू!

"आजी, तू तुझंच गाणं चोरलंस बघ," इज्जा हसली, पण लगेच तिनं फोन बाजूला टाकला. "उद्या लग्नात म्हणायचं की नाही मग?"

"म्हणायचं! गायला दिलं होतं मेल्याला, कुंपण घालायला नाही."

सकाळी बाजार भरला होता. बासूच्या सुळक्याच्या बदली तूदानं नवा सुळका विकत घेतला आणि भर गर्दीत त्याच्या स्टुडिओबाहेरच्या टेबलावर आदळला. सुळका परत येणं म्हणजे सोयरीक मोडण्याइतकीच नाचक्की. बाजार थबकला.

"लल्ला," वडीलधाऱ्या बाईला मानानं म्हणतात तसं म्हणून बासू पुटपुटला, "कायद्यानं नोंद माझ्या नावावर आहे."

"मग तुझ्या कायद्याला सांग, पुढचं कडवं बांधून दे. गाणं गावाचं आहे, बाबा. कुणीही गावं. पण बांधलं कुणी, ते लपवायचं नाही."

"आमच्या लग्नाचं शूटिंग राहू दे रे बासू," मागून कुणीतरी ओरडलं.

पुदिन्याची जुडी टाकून बासूची आई पुढे आली. "घालवलीस अब्रू! तुझ्या लग्नात मी काय गाऊ? तुझी नोंद?"

बासूनं मान खाली घातली. तिथंच उभ्या उभ्या फोनवरून हरकत मागे घेतली, गाण्याखाली तूदाचं नाव घातलं. नोंद बदलायला राजधानीत, रबातला खेटे घालावे लागणार होते. "मी येतो बरोबर, लल्ला," तो म्हणाला.

"येशील नाही तर जाशील कुठं?"

त्याच संध्याकाळी इज्जाच्या मांडवात शेकोटीवर डफ तापले. बासूची आई तोच सुळका घेऊन आली. तूदानं तो हातात घेतला, क्षणभर तोलला आणि मांडीवर ठेवून घेतला.

तशी बासूची आई गाणाऱ्या बायकांच्या रांगेत शिरली आणि सगळ्यांआधी ओरडली, "तूदाचं गाणं!"