मामाची सात मिनिटं

माझा मामा सव्वीस वर्षं काचेच्या कारखान्यात एका खुर्चीवर बसून होता. आई त्याला नोकरी म्हणायचीच नाही. बसून खाणं म्हणायची. मामा तिचा पाठचा भाऊ, पण त्याचा विषय निघाला की तिच्या जिभेला धार यायची.

खुर्ची साधीसुधी नव्हती. कारखान्याच्या मधोमध लोखंडी जिना, जिन्यावर काचेची केबिन, आणि केबिनमध्ये 'माघारी'. यंत्राचं कागदोपत्री नाव हातभर लांब होतं, कामगार माघारीच म्हणत. खाली काही विपरीत घडलं की मामानं दांडा ओढायचा, आणि कारखान्याच्या चार भिंतींच्या आतला वेळ सात मिनिटं मागे जायचा. फुटलेली काच सांधलेली, तुटलेलं बोट जागच्या जागी. मग लाऊडस्पीकरवरून ओरडून माणसांना तिथून हटवायचं, म्हणजे तेच पुन्हा घडायचं नाही. घडून पुसलेलं कुणालाच आठवायचं नाही. आठवायचं ते फक्त केबिनमध्ये बसलेल्याला.

फाटकाबाहेरचा वेळ मात्र पुढेच गेलेला असायचा. म्हणून दर माघारीनंतर पहारेकरी आत येऊन, स्टुलावर चढून, भिंतीवरचं मोठं घड्याळ सात मिनिटं पुढे करायचा. तो स्टुलावर चढला की सगळे हातातलं काम टाकून आपापली बोटं मोजायचे. पण आज पाळी कुणावर आली होती, हे मामाला कुणी विचारायचं नाही आणि त्यानंही सांगायचं नाही, असा नियम होता.

त्यामुळे मामाला उपकाराचे दोन शब्द कधी मिळाले नाहीत. मिळाली ती थट्टा. बाजारात एखादा कामगार भेटला की मामा त्याचा हात हातात घ्यायचा आणि सोडायलाच विसरायचा. लोक त्याला अर्धवट म्हणायचे. मीही हसायचे, आणि आता त्याची मला लाज वाटते.

आईचा राग वेगळा होता. चौदा वर्षांपूर्वी आजी दवाखान्यात शेवटच्या घटका मोजत होती. माझे बाबाही त्याच कारखान्यात, पॅकिंगला. आईनं त्यांना बजावून पाठवलं की माझ्या भावाला तडक इकडे पाठवा. मोबाइल फाटकावर जमा करावे लागत आणि केबिनचं दार आतून बंद असे, म्हणून निरोप चिठ्ठी लिहून दाराच्या फटीतून आत सारायचा. मामा आला नाही. संध्याकाळी आजी त्याचं नाव घेत, दाराकडे बघत गेली. चिठ्ठी दिली होती असं बाबांनी सांगितलं. मामा म्हणाला, मिळाली नाही. आईनं नवऱ्यावर विश्वास ठेवला. तेव्हापासून मामा घरी आला की ती त्याच्यापुढे चहाचा कप ठेवायची आणि आत निघून जायची.

यंदा कारखाना बंद पडला. माघारी भंगारात निघाली. शेवटच्या दिवशी मामाची उशी, थर्मास, चष्म्याचं घर असलं सटरफटर आणायला मी गेले होते. टेबलावर नोंदवही होती. प्रत्येक माघारीची एक ओळ: वेळ, जागा, कारण, कामगाराचा नंबर. पानामागून पान नुसते नंबर. एकाच ओळीत नंबर नव्हता. '११.४०. जिन्याखाली. काचेची चळत. भावोजी.' तारीख बारा वर्षांपूर्वीची.

मी वही त्याच्यापुढे धरली. नियम वगैरे मला सांगू नकोस म्हटलं, कारखानाच उरला नाही तर नियम कसला. तो बराच वेळ थर्मासचं झाकण उघडत-लावत बसला, मग बोलला.

त्या दिवशी बाबा जिना चढून केबिनमध्ये आले होते. म्हणाले, चिठ्ठी माझ्याच खिशात राहिली. गडबडीत विसरलो, आणि घरी सांगायची हिंमत झाली नाही. तुझ्यावर ढकललं. आज घरी जाऊन तुझ्या ताईला सांगतो. दोघं रडले. बाबा जिना उतरले, आणि क्रेनवरून काचेची चळत त्यांच्या अंगावर आली.

"मी दांडा ओढला," मामा म्हणाला. "भावोजी परत पहिल्या पायरीवर. वर यायला निघालेले. त्यांना येऊ द्यायचं आणि केबिनमध्ये धरून ठेवायचं, एवढं साधं मला सुचलं नाही गं. नुकतंच डोळ्यांनी पाहिलं होतं. ओरडलो, जिन्यावरून मागे व्हा, चालते व्हा."

अख्ख्या पाळीसमोर मेव्हण्यानं असं हाकललं म्हटल्यावर बाबा मागे फिरले. पुन्हा तो जिना ते चढले नाहीत.

मग तू का नाही सांगितलंस, म्हणून मी त्याच्यावर चिडले. तर म्हणाला, जे ते बोललेच नाहीत, ते मी कसं सांगू? त्याआधी दोन वर्षं त्याला वाटायचं, चिठ्ठी खरंच आली असेल आणि आपणच विसरलो असू; डोक्यात दोन-दोन प्रकारचे दिवस साठलेले. ती शंका तरी फिटली, त्यात त्यानं समाधान मानलं. माझ्याकडून मात्र वचन घेतलं, की घरी बोलायचं नाही.

मी ते संध्याकाळपर्यंत पाळलं. बाबा एकटे होते. मी म्हटलं, चिठ्ठी तुमच्याच खिशात राहिली होती ना?

"तुला कसं कळलं?" बाबा म्हणाले. झालं, आणखी काही विचारायची गरजच उरली नाही.

मी सगळं सांगितलं. ते खाली बसले. त्या दिवशी घड्याळ पुढे केलं होतं, म्हणाले, मीही बोटं मोजली होती. मग त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं ते मला सहन झालं नाही. त्यांना हायसं वाटलं होतं. "म्हणजे मी सांगितलं होतं तर."

"ते पुसलं गेलं, बाबा. पुन्हा सांगावं लागेल. आणि आईसमोर."

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही तिघं मामाकडे गेलो. का, ते आईला माहीत नव्हतं. ती वाटभर कुरकुरत होती. मामा तिसऱ्या मजल्यावर राहतो. बाबांचे गुडघे गेलेले, एकेक पायरी दोन्ही पाय टेकवत चढले. मामा वर कठड्याशी उभा होता. बाबा शेवटच्या वळणावर येईपर्यंत त्यानं कठडा घट्ट धरून ठेवला होता, तोंडातून चकार शब्द काढला नाही.

आत गेल्यावर बाबांनी उभ्याउभ्याच सांगितलं. खिसा, चिठ्ठी, खोटं बोलणं, सगळं. मामा जणू पहिल्यांदाच ऐकत असल्यासारखा ऐकत होता.

आई बाबांकडे वळलीच नाही. मामाला म्हणाली, "तुला माहीत होतं?"

तो मान खाली घालून म्हणाला, "बारा वर्षं, ताई."

ती त्याच्याजवळ गेली. त्याच्या शर्टाची बाही उगाचच सारखी केली, आणि तिचा हात तिथेच राहिला.

"ते तुझं यंत्र," तिनं विचारलं, "किती मागे न्यायचं?"

"सात मिनिटं."

"एवढंच?" आई म्हणाली, आणि खाली बसली.