एक्केचाळीस सेकंदांचा जिना

शकुन वर्तक मला पहिल्यांदा दिसली ती आमच्या कलकत्त्यातल्या, बालीगंजच्या इमारतीच्या जिन्यात, हातात घड्याळ घेऊन. साल एकोणीसशे सत्तर. तळापासून तिसऱ्या मजल्यापर्यंत ती चढली, घड्याळ पाहिलं, कागदावर काही लिहिलं आणि पुन्हा खाली गेली. असं तीनदा.

ती समोरच्या फ्लॅटमधली नवी भाडेकरू. जन्म इथलाच, त्यामुळे मराठी थोडं अडखळतच बोलायची. तिच्याकडे येन्सन नावाचे एक डॅनिश गृहस्थ येत. त्यांनी म्हणे आपल्या देशात सिनेमा-टेलिव्हिजनसाठी पटकथा लिहिल्या होत्या. आता इथल्या एका चित्रपटाच्या तयारीत होते. शकुन त्यांची दुभाषी. मला काही ते पटलं नाही. तेव्हा रोज कुठल्या ना कुठल्या गल्लीतून कॉलेजच्या मुलांना पोलीस नक्षलवादी म्हणून उचलून नेत, आणि माझा धाकटा भाऊ जयंत कॉलेजात होता. त्याचे मित्र मागच्या जिन्याने येत-जात.

एक दिवस जिन्यात तिचा कागद सापडला. ‘बाई साडेनऊला शाळेत. भाऊ पावणेअकराला. मागचा जिना उघडा. पुढून चढायला एक्केचाळीस सेकंद.’

मी तिचं दार वाजवलं. “हे काय आहे?”

“पटकथेत माणूस जिना चढून वर येईपर्यंत वरच्यांनी किती बोलायचं, ते ठरवायला लागतं ना, बाई. येन्सनसाहेबांनी शिकवलंय.”

“मग त्यात आमचं दार कशाला?”

“दुसरं कुणाचं घेऊ? उघडलं की समोर तुमचंच दिसतं.”

जयंत कागद वाचून हसला. “ताई, खबऱ्याचं अक्षर इतकं सुवाच्य नसतं गं!”

मी हसले नाही. त्याच आठवड्यात हावड्याला जाऊन त्याला नागपूरच्या गाडीत बसवलं, आणि प्रत्येक मजल्यावर सांगून आले, हिच्यासमोर जपून बोला. माणसांच्या बोलण्यावर जिचं काम चालायचं, ती जिन्यात आली की सगळे गप्प होऊ लागले. असं सात वर्षं चाललं. येन्सन परत गेले, त्यांचा चित्रपट झालाच नाही. शकुन बंगाली चित्रपटांचे संवाद दुरुस्त करायची, पण पडद्यावर तिचं नाव नसे. मग मी विश्वास तरी कशावर ठेवायचा? जयंतची चौकशी करायला मात्र कधीच कुणी आलं नाही.

सत्त्याहत्तर साली खालच्या प्रेमलताबाईंकडे टीव्हीवर एक नाटिका पाहिली. लेखिका शकुन वर्तक. त्यात एक बहीण भावाला मागच्या जिन्याने घालवते आणि पुढच्या जिन्यावरची पावलं ऐकत दाराशी उभी राहते. मी मनगटावरचं घड्याळ पाहिलं. एक्केचाळीस सेकंद. दार उघडलं तर समोरची शेजारीण, भाजीची पिशवी घेऊन, धापा टाकत. बहीण तिला आत घेत नाही. त्या बहिणीला वाईट मात्र कुठेच दाखवलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मी पुन्हा तिचं दार वाजवलं.

“सेकंद बरोबर होते का, बाई?” तिनेच विचारलं.

“एक्केचाळीस.”

“मग या ना आत.”

शकुन अजून समोरच राहते. आमच्या घराची दुसरी किल्ली तिच्याकडे असते.