पडद्यावरचा बेडूक

परवा केशवापूरच्या दवाखान्यात आईच्या दंडाला स्पिरिटचा बोळा लागला आणि त्या वासासरशी धारवाडच्या मेडिकल कॉलेजात मी शिकवायचे ती औषधशास्त्राची प्रयोगशाळा डोळ्यांपुढे आली. बेडकांच्या टाक्या काढून तिथं नुकतेच कॉम्प्युटर मांडले होते. पडद्यावर बेडकाचं हृदय धडधडायचं, बटण दाबून औषध द्यायचं आणि आलेख वहीत उतरवायचा. प्रॅक्टिकलच्या परीक्षेत एका मुलीनं दहापट डोस दिला. रेघ सपाट झाली. तिनं शांतपणे ‘रीसेट’ दाबलं, हृदय पुन्हा सुरू झालं, या खेपेला आलेख सुरेख आला आणि मी पूर्ण मार्क दिले. वर्षानुवर्षं बेडूक आणून देणारे अटेंडर अण्णा मागं उभे होते. "मॅडम, हा बेडूक किती वेळा मरतो हो?" त्यांनी विचारलं. "मरत नाही, म्हणून तर आणलाय, अण्णा," मी हसत म्हणाले. परवा आईसाठी सिरिंज भरता भरता तिथली तरुण डॉक्टर माझ्याकडे वळली. "मॅडम, ओळखलंत? मी तुमची स्टुडंट." परीक्षेतली ती मुलगी हीच की दुसरी, काही केल्या आठवेना; रीसेट तर सगळेच दाबायचे. मी तिचं मनगट धरलं. "किती भरलंस? आधी दाखव."