लाल पट्टीचा कप

"हा तुझा," म्हणून वहिनींनी कप माझ्यापुढे ठेवला. हातात दिला नाही. ओट्यावर ठेवून दोन पावलं मागे सरकल्या. पांढऱ्या कपाच्या कानाला लाल चिकटपट्टी गुंडाळलेली होती. "बाकीच्यांत मिसळायला नको. साथ आहे ना गं."

मी हो म्हणाले. मला हो म्हणायची सवय आहे.

नेदरलँड्समध्ये, आइंडहोवनला कॉलेजच्या फुटबॉल क्लबच्या कँटीनमध्ये दर शनिवारी मी चहा करायचे. इथं हाफ टाइमला खेळणाऱ्यांना किटलीतून चहा देतात, बिनदुधाचा. नंतर कप धुवायचे, बाक पुसायचे, जर्सी मशीनमध्ये टाकायच्या. काम वहिनींनी मिळवून दिलं. नात्यातल्या नव्हेत, इथल्याच एक मराठी बाई, सगळे त्यांना वहिनीच म्हणत. त्यांचा मुलगा टीममध्ये, म्हणून कँटीन त्या बघत. पहिल्या दिवशी त्यांना केवढा आनंद. "बरं झालं बाई, आपलं माणूस मिळालं." लगेच आडनाव विचारलं. मग गाव. मग, "गावात घर कोणत्या बाजूला?"

"ओढ्यापलीकडे. बौद्धवाड्यात."

त्या हसल्या, पण पुढं काही विचारलं नाही. पुढच्या शनिवारी पट्टी आली.

तो सीझन अडखळतच चालला होता. एक मॅच व्हायची, पुढच्या वेळी कुणीतरी पॉझिटिव्ह निघायचं आणि मॅच रद्द. कपडे बदलायच्या खोल्या बंद, म्हणून पोरं घरूनच तयार होऊन येत. चहा खिडकीतून द्यायचा. त्यांचे कप एकाच ट्रेमध्ये, कढत पाण्यात धुतलेले. कुणाचा कोणता, काही ठरलेलं नाही. वहिनीही त्यातलाच उचलत. साथ फक्त माझ्या कपाला होती.

गरम पाण्यानं पट्टी सुटायची. पहिल्यांदा सुटली तेव्हा मी ड्रॉवर उघडला आणि नवी गुंडाळली. कुणी सांगितलं नव्हतं. नीट कापून, कडा दाबून. त्यानंतर दर वेळी मीच. हे लिहिताना लाज वाटते, पण लावत होते.

घरी सांगितलं. हे म्हणाले, "एवढं काय त्यात. काम टिकव." ह्यांचं हॉटेल बंद, नुसती पार्सलं चालू. पुढचं काय, माहीत नव्हतं. भांडायला दोघांच्यात जीव नव्हता.

कँटीनच्या भिंतीवर जुना फोटो होता. काच दर आठवड्याला पुसायचे, आत कधी बघितलं नव्हतं. एका शनिवारी मॅचच्या आधी म्हातारे कोच खिडकीबाहेर उभ्या पोरांना त्या फोटोबद्दल काही सांगत होते. वहिनींच्या मुलाला मी विचारलं.

"शंभर वर्षांपूर्वीची टीम आहे, मावशी. सेम लाइक नाऊ. फ्लू होता. सीझन अर्धाच झाला. दोन प्लेयर डाइड."

पोरं मैदानावर गेली तशी मी खुर्चीवर चढले. अकरा जण, गुडघ्यापर्यंत चड्ड्या, काहींना मिशा. कडेला अ‍ॅप्रन घातलेली बाई, एका हातात किटली. सगळ्यांच्या हातात कप. तिच्याही. मी तिच्या कपाचा कान बघितला. नुसता पांढरा. त्यांच्यासारखाच.

खाली नावं होती. मी चौथी शिकलेली, ही अक्षरं इथं येऊन शिकले. बोट ठेवून मोजली. नावं अकरा, माणसं बारा. तिचं नाव नव्हतं. म्हणजे तिलाही कुणी डोक्यावर घेतलं नव्हतं. पण टीममधली माणसं मेली त्या वर्षीही तिच्या कपाला कुणी खूण केली नव्हती.

मला माझी आई आठवली. मळेवाल्यांकडे कामाला जायची. तिचा कप गोठ्याच्या वळचणीला उपडा असायचा. चहा पिऊन झाला की तीच धुवायची, तीच परत तिथं ठेवायची. कुणी सांगावं लागत नव्हतं.

मी खाली उतरले. पट्टी नखानं सोलून काढली. कप ट्रेमध्ये ठेवला, बाकीच्यांच्या मधोमध.

हाफ टाइमला वहिनी आल्या. "अगं, तुझा कप कुठंय?"

"त्यातच आहे."

"त्यातला कोणता?"

"आता कळत नाही."

त्यांचा हात ट्रेवर थांबला. "साथ आहे, एवढं समजत नाही तुला?"

"मग सगळ्यांना पट्ट्या लावा. तुमच्यालापण."

आवाज बारीक होता माझा. खिडकीबाहेरच्या पोरांना ऐकूसुद्धा गेला नसेल. मी चहा ओतून दिला. पोरांनी कप उचलले. वहिनींनी उचलला नाही. जाताना म्हणाल्या, "काम कुणी दिलं, ते लक्षात ठेव."

उरलेल्यातला एक कप घेऊन मी चहा प्यायले. उभ्यानंच. टीम ती मॅच हरली. पुढच्या आठवड्यात सगळीकडचा खेळ बंद झाला. क्लबला कुलूप लागलं. वहिनींचा फोन आलेला नाही. येईल असं वाटत नाही.

क्लब कधीतरी उघडेल. बोलावलं तर जाईन. नाही बोलावलं तर दुसरीकडे फरशा पुसेन. कपाला पट्टी लावणारे हात जगात राहतील. त्यांत माझे नसतील.